चांद्याचा किल्ला कोणी राखला?

चंद्रपूरच्या जिल्हा कारागृहाचे फाटक वर्षातून दोन दिवस सामान्य माणसांसाठी उघडते. मोहरमचा नववा दिवस आणि दहावा दिवस. आत हजरत मखदूम उर्फ गैबी शाह वली यांचा दर्गा आहे. एरवी तिथे फक्त कैदी आणि शिपाई असतात. या दोन दिवसांत मात्र हजारोंची रांग लागते. फातेहा पढणारे मुसलमान असतात, तितकेच नवस फेडायला आलेले हिंदू आणि आदिवासी असतात. काही कुटुंबे नदीपलीकडच्या तेलंगणातून येतात. दर्ग्याजवळच्या विहिरीचे पाणी लोक पितात, बाटलीत भरून घरीही नेतात.

याच आवारात एक पिंपळ आहे. २१ ऑक्टोबर १८५८ रोजी मोलमपल्लीचे तरुण गोंड जमीनदार बाबुराव शेडमाके यांना इंग्रजांनी इथे फाशी दिली. दरवर्षी २१ ऑक्टोबरला आदिवासी समाज त्यांना मानवंदना द्यायला येतो.

आणि ज्या भिंतींच्या आत हा दर्गा आणि हा पिंपळ आहे, तो मुळात तुरुंग नव्हताच. तो गोंडराजांचा राजवाडा होता. चांदा किल्ल्याच्या पोटातला किल्ला. राजे गेले तसे तिथे भोसल्यांचे अंमलदार आले, मग कंपनी सरकार आले आणि राजवाड्याचा तुरुंग झाला.

म्हणजे एकाच आवारात तीन आठवणी आहेत. गोंडराजाची, शेडमाकेंची आणि गैबी शाहांची. या तिघांच्या मध्ये आणखी एक माणूस या किल्ल्यात राहत होता, ज्याची आठवण कुठेच नाही. तो म्हणजे इथला शिपाई. बुरुजावर रात्र काढणारा, पगारासाठी झगडणारा आणि वेळ आली तेव्हा खिंडारात उभा राहून मेलेला. त्यांच्यात गोंड होते, मराठे होते, उत्तरेकडचे हिंदुस्थानी होते. अरबही होते. हा लेख त्या शिपायांबद्दल आहे.

हे लिहायचे कारण साधे आहे. 'तुमचे लोक या भागात कधी आले?' हा प्रश्न विदर्भातल्या मुसलमानाला आयुष्यात बऱ्याचदा ऐकावा लागतो. मलाही तो एका व्याख्यानानंतर विचारला गेला होता. विचारणाऱ्याच्या मनात काही वाईट नव्हते. त्याच्या शाळेच्या पुस्तकात मुसलमान फक्त दिल्लीहून चाल करून येताना दिसले होते, त्यामुळे चांद्यात ते राहत होते, राबत होते, मरत होते, हे त्याला ठाऊक असण्याचा प्रश्नच नव्हता. दुःख याचे की आपल्यापैकी बहुतेकांनाही ते ठाऊक नाही.

परकोट

चंद्रपूरकर किल्ल्याच्या तटाला 'परकोट' म्हणतात. शहर वाढत वाढत त्याच्या कितीतरी बाहेर गेले, तरी जुने गाव आजही परकोटाच्या आतच मोजले जाते. पश्चिमेला इरई आणि पूर्वेला झरपट, अशा दोन नद्यांच्या मधल्या जागेत खांडक्या बल्लाळ शाहाने हे गाव वसवले, असे गोंडांची परंपरा सांगते. शिकारी कुत्र्याचा उलटा पाठलाग करणाऱ्या सशाची कथा इथल्या प्रत्येक पोराला येते. ससा जिथून जिथून धावला, तिथून तटाची रेषा आखली गेली, अशी ती कथा. तट एका राजाच्या काळात पुरा झाला नाही. पुढच्या कित्येक पिढ्या तो बांधत होत्या.

सुमारे अकरा किलोमीटरच्या या तटाला चार मोठे दरवाजे आहेत. जटपुरा, अचलेश्वर, पठाणपुरा आणि बिनबा. शिवाय पाच लहान खिडक्या आहेत. हनुमान, विठोबा, बगड, मसण आणि चोर अशी त्यांची नावे. दरवाजांवर हत्तीला नमवणाऱ्या सिंहाची गोंड राजचिन्हे कोरलेली आहेत. ही नावे एकामागोमाग वाचली की गावाचा समाज डोळ्यांसमोर येतो. एका बाजूला अचलेश्वर महादेव, एका बाजूला पठाणांचा पुरा, मध्ये विठोबा आणि हनुमान. पठाणपुऱ्याच्या नावातच वस्ती आहे. ते नाव कोणी वरून लादलेले नाही, लोकांच्या तोंडून आलेले आहे.

गोंडराज्य आणि मुसलमान यांचा संबंध फक्त लढाईचा होता असेही नाही. अकबराच्या काळात अबुल फजलने 'आईन-ए-अकबरी' लिहिली. तिच्यात चांद्याचा राजा बाबाजी याची नोंद आहे. हा राजा दिल्लीला खंडणी देत नाही, त्याच्याकडे एक हजार घोडदळ आणि चाळीस हजार पायदळ आहे, असे अबुल फजल लिहितो. आज गडचिरोली जिल्ह्यात असलेल्या वैरागडच्या हिऱ्यांच्या खाणीचाही तो उल्लेख करतो. गोंडांच्या स्वतंत्र राज्याचा एक महत्त्वाचा समकालीन लेखी पुरावा अशा रीतीने एका मुसलमान लेखकाच्या फारसी ग्रंथात आहे. पुढे औरंगजेबाच्या काळात, १६६७ मध्ये, दिलेरखान फौज घेऊन आला आणि चांद्याकडून जबर खंडणी वसूल करून गेला. हेही खरे आहे आणि तेही सांगितले पाहिजे. याच शतकाच्या अखेरीस शेजारच्या देवगडच्या गोंड राजाने इस्लाम स्वीकारला आणि बख्त बुलंद शाह हे नाव घेतले. नागपूर वसवले ते याच राजाने. गोंड आणि मुसलमान या दोन ओळखी एकाच घराण्यात नांदत होत्या, हे नागपूरकरांनाही फारसे आठवत नाही.

१७५१ मध्ये रघुजी भोसल्यांनी चांद्याचा शेवटचा गोंडराजा नीळकंठ शाह याच्याकडून राज्य घेतले आणि त्याला बल्लारपूरच्या किल्ल्यात कैदेत ठेवले. तेव्हापासून चांदा हा भोसल्यांच्या राज्याचा दक्षिणेकडचा बंदोबस्ताचा किल्ला झाला. राजवाड्यातला राजा गेला, पण किल्ल्यातली शिबंदी वाढली. मागे घनदाट जंगल, समोर वर्धा नदी आणि पलीकडे निजामाचा मुलूख. अशा जागी सतत हत्यारबंद माणसे ठेवणे भाग होते.

हद्रमौतची माणसे वैनगंगेच्या मुलखात

अरब शिपाई मराठ्यांच्या फौजेत कसे आले? अरबस्तानच्या दक्षिण किनाऱ्यावर, आजच्या येमेनमध्ये, हद्रमौत नावाचा रखरखीत प्रदेश आहे. तिथली तरुण माणसे पोटासाठी पिढ्यानपिढ्या समुद्र ओलांडत आली. अठराव्या शतकात हिंदुस्थानातल्या दरबारांना बंदुकीत तरबेज आणि जागा न सोडणारे पायदळ हवे होते. बडोद्याचे गायकवाड, पुण्याचे पेशवे, नागपूरचे भोसले आणि हैदराबादचा निजाम या सगळ्यांनी अरब ठेवले. त्यांना इतर शिपायांपेक्षा जास्त पगार मिळे. किल्ल्याचा दरवाजा, खजिना, राजवाडा अशा मोक्याच्या जागी त्यांना बसवत. ते इथेच संसार थाटत. त्यांच्या बायका इथल्या, मुले इथली आणि काही वर्षांत बोलीही इथली होई.

नोव्हेंबर १८१७ मध्ये नागपूरला सीताबर्डीची लढाई झाली. २६ तारखेच्या संध्याकाळपासून २७ तारखेच्या दुपारपर्यंत ती चालली. आप्पासाहेब भोसल्यांच्या बाजूने सगळ्यात नेटाने लढले ते अरब. दोन टेकड्यांपैकी लहान टेकडी त्यांनी घेतली आणि कंपनीच्या फौजेला काही काळ जेरीस आणले. अखेर लढाई कंपनीने जिंकली. पण डिसेंबरात आप्पासाहेब इंग्रजांच्या स्वाधीन झाल्यावरही नागपूर शहरातल्या अरबांनी हत्यारे ठेवायला नकार दिला. २४ डिसेंबरचा इंग्रजांचा हल्ला त्यांनी परतवला. वर्षअखेरीस जो तह झाला, त्यात त्यांना कुटुंबकबिला आणि खासगी सामान घेऊन जाऊ द्यायचे, सोबत इंग्रज अधिकारी देऊन मलकापूरपर्यंत सुखरूप पोहोचवायचे, अशा अटी होत्या.

या अटी मला फार बोलक्या वाटतात. ज्यांना आपण 'परदेशी भाडोत्री' म्हणून दोन शब्दांत निकालात काढतो, ती माणसे तहाच्या वेळी बायकामुलांची आणि घरातल्या भांड्याकुंड्यांची काळजी करत होती. त्यांचे घर नागपुरात होते.

२० मे १८१८

नागपूर पडले, पण चांदा पडला नव्हता. मार्च १८१८ मध्ये रेसिडेंट जेंकिन्सने आप्पासाहेबांना पुन्हा अटक केली. दुसऱ्या बाजीरावाशी ते गुप्तपणे संधान बांधत आहेत आणि चांद्याच्या किल्लेदाराला फौज वाढवायला सांगत आहेत, हा त्यांच्यावरचा आरोप होता. बाजीराव पेशवा खरोखरच चांद्याच्या दिशेने निघाला होता. वर्धा नदी ओलांडून तो चांद्याच्या तटाआड पोहोचला असता तर युद्ध लांबले असते. पण १७ एप्रिलला पांढरकवड्याजवळ सिवनी येथे कर्नल ॲडम्सने त्याला गाठले आणि त्याची फौज उधळली.

मग ॲडम्स चांद्याकडे वळला. मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात त्याची फौज परकोटासमोर आली. विदर्भातला मे काय असतो हे सांगायला नको. किल्ल्यात दोन हजारांहून जास्त शिबंदी होती. किल्लेदार होता गंगासिंग. स्वाधीन होण्याचा निरोप त्याने झिडकारला. त्या वेळी पेशवा पळत होता आणि आप्पासाहेब कैदेतून नुकतेच निसटून महादेवाच्या डोंगरात शिरले होते. मदतीला कोणी येणार नव्हते हे उघड होते. तरीही दरवाजे उघडले गेले नाहीत. मोर्चे लागले, तोफा चालू झाल्या, तटाला खिंडार पडले आणि २० मे रोजी कंपनीच्या फौजेने सुलतानढवा केला. रस्त्यारस्त्यांत लढाई झाली. शिबंदीतली पाचशेच्या आसपास माणसे मेली. गंगासिंगही गेला. कंपनीचे नुकसान त्या मानाने फारच थोडे होते.

याच आठवड्यात महाराष्ट्राच्या दुसऱ्या टोकाला, खानदेशात, मालेगावच्या किल्ल्याला इंग्रजांचा वेढा पडलेला होता. तिथेही आत अरब होते. मे अखेरचा हल्ला त्यांनी मागे लोटला, इंग्रजांची दोनशेच्या घरात माणसे मेली किंवा जखमी झाली. शेवटी जूनमध्ये किल्ल्यातल्या दारूखान्याचा स्फोट झाला आणि किल्ला पडला. मराठेशाहीचा शेवट सांगताना आपण कोरेगाव, खडकी, आष्टी ही नावे घेतो. त्या शेवटच्या उन्हाळ्यात मराठ्यांचे काही किल्ले ज्यांनी अखेरपर्यंत धरून ठेवले, त्यांच्यात मुसलमान शिपाई होते, हे मात्र कोणी सांगत नाही.

जुलैमध्ये आणखी एक गोष्ट घडली. आप्पासाहेबांच्या बाजूने उठलेल्या गोंड आणि अरबांनी बैतूलच्या बाजूला मुलताईजवळ कॅप्टन स्पार्क्सची तुकडी जवळजवळ संपवली. हद्रमौतचा अरब आणि सातपुड्याचा गोंड एकाच झाडीत बसून एकाच शत्रूवर बार काढत होते. दोघांची भाषा वेगळी, देव वेगळा. दोघांचा राजा मात्र एकच होता, आणि तोही मराठा.

'भाडोत्री' म्हणजे कोण?

इथे कोणी म्हणेल, अरब तर पगारासाठी लढत होते. त्यात कसली निष्ठा?

पगारासाठी लढत होते हे खरेच आहे. पण परकोटाच्या बाहेर उभा असलेला शिपाई कशासाठी लढत होता? ॲडम्सच्या फौजेत मूठभर गोरे होते. बाकीचे मद्रास आणि बंगालच्या पलटणीतले हिंदी लोक होते. त्यांच्यातही हिंदू होते आणि मुसलमान होते. तेही दरमहा पगारावरच होते. खिंडाराच्या आत 'या अल्लाह' म्हणत पडणारा एक असेल, तर बाहेरही तसाच एक पडला असेल. म्हणून या लढाईला मुसलमानांचा पराक्रम म्हणून मिरवण्यात अर्थ नाही. तसे करणे म्हणजे इतिहासाकडून पुन्हा तेच चुकीचे उत्तर मागणे होईल.

फरक होता तो नोंद करणाऱ्याच्या लेखणीत. कंपनीच्या पगारावर लढला तो 'शिस्तबद्ध शिपाई', भोसल्यांच्या पगारावर लढला तो 'भाडोत्री अरब'. लढाई जिंकणाऱ्यांनीच अहवाल लिहिले, गॅझेटियर लिहिली, आणि आपण त्यातले शब्द जसेच्या तसे उचलले. आजच्या मराठी पुस्तकांतही अरब शिपाई आला की 'भाडोत्री' हे विशेषण त्याच्या आधी येऊन बसते. गंगासिंग हे नाव निदान किल्लेदार म्हणून कागदावर राहिले. ज्यांनी त्याच्याबरोबर जीव दिला त्यांची एकत्रित संख्या उरली, नावे नाहीत.

जिंकल्यानंतर इंग्रजांनी सगळ्यात आधी जी कामे केली, त्यात अरबांना मुलखाबाहेर काढणे हे एक होते. खानदेशात एल्फिन्स्टनने त्यांची रवानगी करून त्यांना जहाजावर बसवून अरबस्तानात पाठवण्याचे धोरण ठरवले. भिल्ल, गोंड, रामोशी यांना 'सरळ' करण्याच्या योजना आखल्या गेल्या. अरबांसाठी तेवढाही विचार नव्हता, त्यांनी फक्त निघून जायचे होते. ज्यांचा जन्म इथे झाला त्यांनाही.

जिथे इंग्रजांचा थेट अंमल नव्हता तिथे ते टिकले. हैदराबादेत 'बारकस' नावाची मोठी वस्ती आहे. हा 'बराक्स' या इंग्रजी शब्दाचाच अपभ्रंश. निजामाच्या फौजेतल्या अरब शिपायांच्या बराकी तिथे होत्या, आज त्यांचे वंशज तिथे राहतात. मराठवाड्यात औरंगाबाद, नांदेड, परभणीकडे 'चाऊस' आडनावाची माणसे भेटतात. ती याच शिपायांची लेकरे. मराठी अस्खलित बोलतात, शेती करतात, राजकारणात आहेत, शाळांत शिकवतात. बराक गेली तरी तिच्याभोवतीची वस्ती राहिली आणि वस्तीबरोबर आठवण राहिली. चांद्याला असे बारकस उरले नाही. माणसेच राहिली नाहीत, मग त्यांची गोष्ट सांगणार कोण?

चाळीस वर्षांनी पुन्हा तोच किल्ला

१८५३ मध्ये तिसरे रघुजी भोसले वारसाविना वारले आणि डलहौसीने नागपूरचे राज्य खालसा केले. पुढच्या वर्षी चांद्यात इंग्रज डेप्युटी कमिशनर बसला. भोसल्यांची फौज मोडीत निघाली. चांदा, अहेरी, सिरोंचा या पट्ट्यात कालपर्यंत कोणाच्या तरी चाकरीत असलेले हत्यारबंद लोक एकाएकी बेकार झाले. त्यांच्यात रोहिले होते. मूळचे अफगाण, पण कित्येक पिढ्या दख्खनमध्ये काढलेले.

मार्च १८५८ मध्ये बाबुराव शेडमाकेंनी उठाव केला तेव्हा त्यांच्या फौजेत गोंड आणि माडिया तरुणांबरोबर हे रोहिलेही होते. ही गोष्ट इंग्रज अधिकाऱ्यांनीच लिहून ठेवली आहे. आधी राजगड परगणा ताब्यात घेतला गेला. मग अडपल्ली-घोटचे जमीनदार व्यंकटराव त्यांना येऊन मिळाले. नांदगाव-घोसरी, सगणापूर, बामणपेठ इथे इंग्रजी तुकड्यांशी चकमकी झाल्या. २९ एप्रिलला प्राणहितेच्या काठी चिंचगुंडी इथे तारायंत्राच्या लोकांच्या छावणीवर हल्ला झाला. गार्टलँड आणि हॉल हे दोघे मारले गेले. डेप्युटी कमिशनर क्रिक्टनला हे बंड सहा महिने आवरले नाही. अखेर अहेरीच्या जमीनदारीण लक्ष्मीबाई यांच्या मदतीने त्याने बाबुरावांना पकडले. १८ सप्टेंबरला त्यांना चांद्यात आणले गेले आणि महिन्याभरात फाशी झाली. ते तेव्हा पंचवीस वर्षांचे होते. व्यंकटराव बस्तरच्या जंगलात निसटले, दोन वर्षांनी सापडले आणि त्यांना जन्मठेप झाली.

नदीपलीकडे निजामाच्या हद्दीत, निर्मलच्या बाजूला, त्याच काळात रामजी गोंड आणि रोहिले मिळून इंग्रजांशी लढत होते. निर्मलच्या एका वडाला तेलुगूत 'हजार फासांचा वड' म्हणतात. तिथे गोंड आणि रोहिले एकत्र लटकवले गेले, अशी लोकांची आठवण आहे.

इथेही लेखणीने तोच खेळ केला. गोंड लढला तर 'भोळा आदिवासी भडकवला गेला', रोहिला लढला तर 'लुटारू'. पहिल्याला अक्कल नाकारली, दुसऱ्याला कारण नाकारले. आदिवासी समाजाने गेल्या काही दशकांत आपल्या माणसावरचा हा शिक्का पुसून काढला. शेडमाकेंचे पुतळे उभे राहिले, त्यांच्या नावाने संस्था निघाल्या, त्यांच्या जंगोम दलाची आठवण गावोगाव सांगितली जाते. हे काम त्यांनी स्वतः, कोणाची वाट न पाहता केले. आपण मुसलमानांनी त्यापासून शिकायला हवे होते.

आपण काय केले? आपल्या सभांमधून बाबर ते टिपू अशी बादशहांची यादी वाचली जाते. त्या यादीत चांद्याचा शिपाई नाही, घोटच्या जंगलातला रोहिला नाही. तख्तावर बसलेल्यांशी नाते सांगायला आपल्याला आवडते. तटावर उभ्या असलेल्यांशी आपले खरे नाते असूनही आपण ते सांगत नाही. विदर्भातले बहुतेक मुसलमान शिपाई, विणकर, पिंजारी, खाटीक, कारागीर यांची संतती आहेत. मग आपला इतिहासही त्यांच्याच बाजूने लिहिला गेला पाहिजे.

गैब

अरबीत 'गैब' म्हणजे जे नजरेआड आहे ते. गैबी शाह म्हणजे नजरेआडचे वली. महाराष्ट्रात गैबी नावाचे पीर गावोगाव आहेत. ज्यांचे मूळ नाव, गाव, घराणे लोकांना उरले नाही, पण ज्यांना विसरायचेही नव्हते, अशांसाठी लोकांनी हे नाव राखून ठेवले असावे असे मला वाटते. चांद्याच्या तुरुंगातल्या दर्ग्यापुढे हात उभारणारी माणसे वलींचा इतिहास विचारत नाहीत. ती येतात, पाणी पितात, नियाज वाटतात आणि त्याच आवारात शेडमाकेंनाही नमस्कार करून बाहेर पडतात. कागदावर जे जुळले नाही ते लोकांच्या सवयीत जुळलेले आहे.

सवय मात्र पुरेशी नाही. ती मोडायला एखादी अफवाही पुरते. तिच्यामागे लिहिलेला, तपासलेला इतिहास उभा असला पाहिजे.

२०१७ पासून चंद्रपूरच्या इको-प्रो या संस्थेच्या तरुणांनी परकोटाची सफाई हाती घेतली. बुरुजांवरची झाडेझुडपे काढली, वर्षानुवर्षांचा कचरा उपसला, तटावरून चालायची वाट मोकळी केली. पंतप्रधानांनीही त्या कामाचा उल्लेख केला. आज लोक तटावर फिरायला जातात, शाळेच्या सहली येतात. या तटावर शिपायांसाठीही एक फलक लागावा अशी माझी मागणी आहे. त्यावर एवढेच लिहावे की २० मे १८१८ रोजी इथे किल्लेदार गंगासिंग आणि त्याच्या शिबंदीतले गोंड, मराठे, हिंदुस्थानी आणि अरब शिपाई किल्ला राखताना मेले. कोणत्याही एका समाजाचे नाव मोठ्या अक्षरात नको. सगळ्यांची नावे एका ओळीत हवीत, कारण ती माणसेही एकाच ओळीत उभी होती.

आणि एक काम आपल्या हातचे आहे, त्याला सरकारची परवानगी लागत नाही. चांदा, बल्लारपूर, राजुरा, वरोरा, अहेरी, सिरोंचा इथल्या जुन्या कब्रस्तानांत अजूनही घडीव दगडांच्या कबरी आहेत. काही घरांत मोडी आणि फारसी कागद बासनात बांधून ठेवलेले असतात. 'आमचे पणजोबा राजाच्या फौजेत होते' असे सांगणाऱ्या आज्या अजून जिवंत आहेत. कबरीवर चुना लावण्याआधी तिचा फोटो काढा. कागद रद्दीत देण्याआधी वाचता येणाऱ्याला दाखवा. आजी जे सांगते ते तिच्याच शब्दांत लिहून घ्या. त्यात राजेरजवाडे निघणार नाहीत. निघेल एखाद्या शिपायाचे नाव, त्याच्या थकलेल्या पगाराचा हिशेब, त्याने कोणत्या दरवाजावर पहारा केला याची आठवण. 'तुमचे लोक इथे कधी आले?' या प्रश्नाला तेवढे उत्तर पुरेसे आहे.